दुसऱ्या फळीतली तलवार

मराठी चित्रपटाच्या इतिहासलेखनात संतपट, तमाशापट, सामाजिक आणि ऐतिहासिक असे वर्ग रूढ आहेत. परंतु ज्या चित्रपटांचा खरा आशय शस्त्र धरलेल्या शरीराच्या हालचालीत असतो आणि ज्यांची कथा एका चकमकीकडून दुसऱ्या चकमकीकडे सरकत जाते, त्यांना स्वतंत्र नाव मिळालेले नाही. मूकपटांच्या काळात मुंबईत त्यांना स्टंटपट म्हणत, कोल्हापुरात ते ऐतिहासिक या भारदस्त नावाखाली वावरत, आणि पुढे मारधाडीचे चित्रपट असा नाक मुरडून केलेला उल्लेख दोहोंच्या वाट्याला आला. प्रस्तुत ग्रंथ या सर्वांना लढाऊ चित्रपट म्हणतो आणि त्यांच्यातल्या नायकाऐवजी नायकाच्या बाजूला किंवा समोर उभ्या असलेल्या नटाचा विचार करतो. या नटाला मराठीत सहायक अभिनेता म्हणतात, वय झाल्यावर चरित्र अभिनेता म्हणतात, आणि भूमिकेला नाव नसेल तर नुसता एक्स्ट्रा म्हणून त्याची बोळवण होते. तिन्ही शब्दांत त्याचे काम नायकाच्या कामाहून कमी आहे हे गृहीत धरलेले असते.

लढाऊ चित्रपटापुरते हे गृहीतक तपासून पाहण्याजोगे आहे. संवादाच्या प्रसंगात समोरचा नट कच्चा असला तरी चांगला नायक प्रसंग तारून नेतो, पण तलवारीच्या प्रसंगात तसे होत नाही, कारण पडद्यावरचा वार खरोखर लागायचा नसतो. तो लागल्याचा भास व्हायचा असतो, आणि तो भास वार करणाऱ्याच्या हातात नसून वार घेणाऱ्याच्या अंगात असतो. खांदा नेमका कधी मागे जातो, गुडघा कधी मोडतो, पडताना शस्त्र हातातून कधी सुटते, यांवर नायकाचे शौर्य ठरते. वार घेणारा क्षणभर आधी पडला तर प्रेक्षक हसतात, क्षणभर उशिरा पडला तर नायकाच्या मनगटाबद्दल शंका येते. लढाऊ चित्रपटातली दुसरी फळी ही पहिल्या फळीची सावली नसून तिचा पाया आहे, असे या ग्रंथाचे प्रतिपादन आहे.

या विचाराची सुरुवात शिवथरच्या खोऱ्यापासून का करावी, याचे उत्तर भूगोलात आहे. महाडच्या पूर्वेला सह्याद्रीच्या कड्याखाली कसबे शिवथर, आंबे शिवथर आणि कुंभे शिवथर ही गावे आहेत. समर्थ रामदासांच्या दासबोधाशी जोडलेली आणि धुळ्याचे शंकर श्रीकृष्ण देव यांनी १९३० मध्ये शोधून प्रकाशात आणलेली शिवथरघळ याच खोऱ्यात आहे. बाहेरच्या माणसाला शिवथर ठाऊक असते ते या घळीमुळे, पण लढाऊ चित्रपटांचा अभ्यास करणाऱ्याला या भागाची दुसरी ओळख अधिक महत्त्वाची वाटते. हा मुलूख जावळीच्या मोऱ्यांच्या अंमलातला होता, आणि १६५६ मध्ये जावळी शिवाजी महाराजांनी घेतली त्यानंतरच्या चौदा-पंधरा वर्षांत जे प्रसंग घडले त्यांवर मराठी लढाऊ चित्रपट आजवर पोसला गेला आहे. या प्रसंगांतली दुसऱ्या फळीतली माणसे महाड-पोलादपूरच्या आसपासची निघतात, ही गोष्ट क्वचितच लक्षात घेतली जाते. मुरारबाजी देशपांडे महाडजवळच्या किंजळोलीचे. ते आधी मोऱ्यांच्या बाजूने लढले, मग स्वराज्यात आले आणि १६६५ मध्ये पुरंदरावर दिलेरखानाच्या फौजेशी लढताना पडले. तानाजी मालुसरे पोलादपूर तालुक्यातल्या उमरठचे, आणि त्यांचे मामा म्हणून परंपरेने ओळखले जाणारे शेलारमामाही त्याच गावाशी जोडलेले आहेत. पोलादपूरहून आंबेनळी घाट चढून गेले की प्रतापगड येतो, जिथे १० नोव्हेंबर १६५९ रोजी सय्यद बंडाचा शिवाजी महाराजांवर उगारलेला हात जिवा महालाने वरच्या वर तोडला.

होता जिवा म्हणून वाचला शिवा, ही म्हण मराठी घरात इतकी सहज वापरली जाते की तिच्यातला सिद्धान्त कुणाच्या ध्यानात येत नाही. सहायक भूमिकेची याहून नेमकी व्याख्या करणे अवघड आहे: कथा दुसऱ्याची, नाव दुसऱ्याचे, पण एका क्षणापुरता सगळा भार या माणसाच्या मनगटावर, आणि तो क्षण संपला की त्याने चौकटीबाहेर निघून जायचे. चित्रपटांनी जिवा महालाला तेवढाच क्षण दिला, आणि तो पुरेसा ठरला.

शेलारमामांची गोष्ट थोडी वेगळी आहे. ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्री कोंढाण्यावर, म्हणजेच सिंहगडावर, तानाजी पडल्यानंतर किल्लेदार उदयभानाला ठार करणारा हा वृद्ध मामा लोकपरंपरेत ऐंशी वर्षांचा मानला जातो. इतिहासकार या वयाबद्दल सावध राहतात आणि ते योग्यच आहे, परंतु नाट्यदृष्ट्या हे वय म्हणजे देणगीच आहे, कारण नायक मेल्यानंतर लढाई संपवणारा सहायक जगातल्या लढाऊ कथांत विरळाच. तानाजींचा मृतदेह मढे घाटाने खाली उतरवून उमरठला नेला, असे या भागात सांगतात. हा घाट वेल्ह्याच्या बाजूने शिवथरच्या शेजारच्या डोंगररांगेतून महाडकडे उतरतो आणि त्याच्या नावाची फोड लोक याच प्रसंगाने करतात. माघ वद्य नवमीला उमरठला तानाजींची पुण्यतिथी होते. गिरणीच्या नोकरीपायी मुंबईत राहिलेल्या महाड-पोलादपूरच्या चाकरमान्यांना सिंहगडाची कथा पडद्यावर पाहताना ती इतिहासाच्या पुस्तकातली वाटण्याऐवजी गावकीतली वाटली असेल, तर त्यात नवल नाही.

बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने १९२३ मध्ये सिंहगड हा मूकपट काढला. हरि नारायण आपटे यांच्या गड आला पण सिंह गेला या कादंबरीवर तो आधारलेला होता, आणि रात्रीच्या प्रसंगांसाठी त्यात कृत्रिम प्रकाश वापरला होता, ही त्या काळी मोठी गोष्ट होती. या चित्रपटातल्या शेलारमामांच्या भूमिकेत होते शांताराम वणकुद्रे, म्हणजे पुढचे व्ही. शांताराम, त्यांचे वय तेव्हा जेमतेम एकवीस. मराठी चित्रपटाला पुढे ज्यांनी वळण दिले त्यांची सुरुवातीची उमेद ऐंशी वर्षांच्या म्हाताऱ्याच्या वेषात, हातात तलवार घेऊन गेली, हे केवळ गमतीदार नाही. तरुण नटाने म्हातारा लढवय्या करायचा म्हणजे कमरेत वाक आणि हातात वेग या दोन परस्परविरोधी गोष्टी एकाच वेळी सांभाळायच्या; लढाऊ चित्रपटातले सहायक काम किती तांत्रिक असते हे त्यावरून कळते. सत्त्याण्णव वर्षांनी, २०२० च्या तान्हाजीमध्ये, शेलारमामांची भूमिका शशांक शेंडे यांनी केली. मधल्या काळात तंत्र आमूलाग्र पालटले, पण त्या भूमिकेची पडद्यावरची जागा हललेली नाही: नायकाच्या अर्धे पाऊल मागे.

या नटांच्या अंगात जे कसब होते त्याचा उगम तालमीत आहे. मर्दानी खेळ ही शस्त्रविद्येची महाराष्ट्रातली परंपरा कोल्हापूरच्या तालमींत आणि आखाड्यांत वस्तादांच्या देखरेखीखाली टिकली. तिच्यात लाठी, फरी-गदगा, बोथाटी, विटा आणि पट्टा यांचा समावेश होतो. फरी म्हणजे चामड्याची छोटी ढाल आणि गदगा म्हणजे तलवारीच्या जागी वापरायची चामडे गुंडाळलेली काठी. या जोडीवर शिकाऊ पोराला वार करणे आणि अडवणे दोन्ही एकदम शिकवतात. बोथाटी हा टोकाला कापडाचा गोळा बांधलेला लांब भाला, तर विटा म्हणजे दोरी बांधलेला भाला, जो फेकून परत ओढून घेता येतो. या सर्वांत पडद्याच्या दृष्टीने सर्वांत देखणा आणि सर्वांत अडचणीचा तो पट्टा. त्याची मूठ म्हणजे कोपरापर्यंत येणारी लोखंडी खोबण असते. त्यामुळे मनगट जखडले जाते आणि हालचाल खांद्यातून व कमरेतून करावी लागते. पाते लांब आणि लवचीक असल्यामुळे ते समोरच्याच्या शस्त्रावर अडवून थांबवता येत नाही, गोल फिरतच राहते. पट्टा फिरवणारा नट एकटा दिसायला भव्य दिसतो, पण त्याच्याशी लढणाऱ्याला पात्याच्या फेऱ्या मोजून, दोन फेऱ्यांच्या मधल्या जागेत पाऊल टाकावे लागते. पट्टा फिरवणाऱ्याला टाळ्या मिळतात. पावले मोजणाऱ्याचे नाव श्रेयनामावलीत बहुधा शोधावे लागते.

महाराष्ट्र फिल्म कंपनीने नट निवडताना चेहऱ्याइतकेच शरीरही पाहिले, याचा पुरावा तिच्या पहिल्याच चित्रपटात मिळतो. सैरंध्री (१९२०) मध्ये भीम झालेले बाळासाहेब यादव आणि कीचक झालेले झुंझारराव पवार ही भक्कम शरीरयष्टीची माणसे होती, आणि कीचकवधाचा प्रसंग इतका अंगावर येणारा झाला की त्याला कात्री लागली. कात्री लागली याचे श्रेय मारणाऱ्याइतकेच मरणाऱ्याचेही मानले पाहिजे.

या पार्श्वभूमीवर मास्टर विठ्ठल यांचे आयुष्य वाचावे लागते, आणि या ग्रंथाचा मोठा भाग त्यांनाच दिलेला आहे. बालनट म्हणून नाटक कंपनीत सुरुवात करून विठ्ठल महाराष्ट्र फिल्म कंपनीत आले ते संकलनाच्या खात्यात. संकलन म्हणजे चित्रित केलेल्या फितीचे तुकडे कापून, जुळवून त्यांतून सलग प्रसंग उभा करणे. मारामारीचा प्रसंग कुठे तुटतो आणि कुठे जोडला जातो, वार सुरू एका तुकड्यात होतो आणि लागतो दुसऱ्या तुकड्यात, हे टेबलावर बसून ज्याने पाहिले आहे तो नट कॅमेऱ्यासमोर उभा राहतो तेव्हा कोणती हालचाल पूर्ण करायची आणि कोणती अर्धी सोडली तरी चालेल, हे त्याला सांगावे लागत नाही. पडद्यावर ते प्रथम दिसले कल्याण खजिना (१९२४) मध्ये, आणि तेही नर्तकीच्या भूमिकेत. पुढे तलवारबहाद्दर म्हणून गाजलेल्या नटाची सुरुवात नाचाने व्हावी हा योगायोग मानण्याचे कारण नाही. पवित्रा, म्हणजे शस्त्र उचलण्यापूर्वी घ्यायची पायांची ठेवण, आणि नाचातली ठेका धरणारी पावले यांत दिसते त्यापेक्षा अंतर कमी असते.

मुंबईत १९२५ मध्ये निघालेल्या शारदा फिल्म कंपनीने विठ्ठल यांना नायक केले. १९२६ चा रतन मंजरी हा त्यांचा नायक म्हणून पहिला चित्रपट. पुढची चार-पाच वर्षे घोडा, भिंत, दोर आणि तलवार यांच्या साहाय्याने त्यांनी मूकपटाच्या प्रेक्षकांवर राज्य केले, आणि त्यांना हिंदुस्थानचा डग्लस फेअरबँक्स म्हणू लागले. फेअरबँक्स हा त्या काळचा अमेरिकन नट. त्याचे उड्या मारत हसत लढणारे नायक मुंबईत अतिशय लोकप्रिय होते. अर्देशीर इराणींनी आलम आरा या पहिल्या भारतीय बोलपटासाठी विठ्ठल यांची निवड केली ती याच लोकप्रियतेमुळे. आधीच्या करारावरून खटला उभा राहिला तेव्हा विठ्ठल यांची बाजू बॅरिस्टर महंमद अली जिना यांनी मांडली आणि विठ्ठल यांचा मार्ग मोकळा झाला. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रपटगृहात आलम आरा झळकला आणि भारतीय चित्रपट बोलू लागला. त्यातल्या नायकाची उर्दू कच्ची असल्यामुळे पटकथेत त्याला बराच वेळ गुंगीत ठेवल्याचे चित्रपटाच्या इतिहासांत नमूद आहे.

या घटनेकडे बहुतेक लेखक करुण विनोद म्हणून पाहतात: पहिल्या बोलपटाचा नायक, पण बोलता येईना. हे वाचन अपुरे आहे, कारण बोलपटाने विठ्ठल यांच्यापासून जिभेइतकाच वेगही हिरावून घेतला. मूकपटाचा कॅमेरा हाताने फिरवत. छायाचित्रकाराने दांडा जरा सावकाश फिरवला की दर सेकंदाला कमी चित्रे टिपली जात, आणि पडद्यावर नेहमीच्या गतीने दाखवताना लढाई अधिक चपळ दिसे. बोलपट आला तशी गती सेकंदाला २४ चित्रांवर बांधली गेली, कारण गती बदलली की आवाजाची पट्टी बदलते. शिवाय कॅमेऱ्याची घरघर ध्वनिमुद्रणात शिरू नये म्हणून सुरुवातीला त्याला पेटीत कोंडावे लागे. नटाच्या मागे धावणारा, वेगाला साथ देणारा कॅमेरा जागच्या जागी बसला आणि नटाची खरी, माणसाच्या मापाची गती पडद्यावर आली. लढाऊ नटाला हा दुहेरी फटका होता. आवारा शहजादा (१९३३) मधल्या दुहेरी भूमिकेसारखे काही प्रयत्न विठ्ठल यांनी नंतरही केले, परंतु नायकपदाची लाट ओसरू लागली होती.

यापुढच्या सुमारे तीन दशकांना चरित्रकार उतरती कळा म्हणतात. प्रभातच्या रामशास्त्री (१९४४) च्या नामावलीत विठ्ठल आहेत, भालजी पेंढारकरांच्या छत्रपती शिवाजी (१९५२) मध्ये आहेत, आणि मराठी पडद्यावर लहानमोठ्या भूमिकांत ते १९६० च्या दशकापर्यंत दिसत राहतात. १९६९ मध्ये त्यांचे निधन झाले. वरून खाली असा हा आलेख काढणे सोपे आहे, कारण जाहिरातीतल्या अक्षरांचा आकार मोजता येतो. पण मुंबईत जे पणाला लागले होते ते नायकपद. कोल्हापूरच्या परंपरेत जे परत मिळाले ते काम. मराठी त्यांची भाषा होती, तिथे गुंगीत राहण्याची गरज नव्हती, आणि शिवकालीन चित्रपटांना अशा माणसाची गरज होती ज्याला कमरेला तलवार लावून चालता येते. हे चालणेसुद्धा शिकावे लागते: म्यान मांडीला आपटू नये म्हणून डावा हात मुठीवर हलका ठेवायचा आणि वळताना म्यानाचे टोक मागच्या माणसाला लागणार नाही अशा बेताने कंबर फिरवायची. दरबाराच्या प्रसंगात मागच्या रांगेतले दहा जण या एका बाबतीत कच्चे असले तर सिंहासनावरच्या नटाने कितीही जीव ओतला तरी दरबार नाटकातलाच वाटतो.

भालजी पेंढारकर (१८९८–१९९४) यांनी कोल्हापुरात ज्या पद्धतीने काम केले ती दुसऱ्या फळीला पोषक होती. चंद्रकांत आणि सूर्यकांत हे मांडरे बंधू नायक, भालजींचे थोरले बंधू बाबूराव पेंढारकर यांच्यासारखा खलनायकाला वजन देणारा नट, आणि त्यांच्याभोवती वर्षानुवर्षे तीच ती माणसे, अशी ती जवळजवळ नाटक मंडळीसारखी रचना होती. गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत १९४८ मध्ये भालजींचा जयप्रभा स्टुडिओ जळाला. तो पुन्हा उभा राहिला तेव्हा परत आलेल्यांत नायकांपेक्षा संख्येने मोठा वर्ग या इतरांचा होता. एकत्र काम केलेल्या नटांना एकमेकांच्या हाताचा पल्ला ठाऊक असतो, आणि तलवारीच्या प्रसंगात ही ओळख दिग्दर्शकाच्या सूचनांपेक्षा मोलाची ठरते.

ती ओळख नसली किंवा अंदाज चुकला की काय होते, हे ललिता पवार यांच्या कारकिर्दीने दाखवले आहे. मूकपटांच्या काळात त्या स्वतः लढाऊ नायिका होत्या. दिलेर जिगर (१९३१) हा त्यांचा तलवारबाजीचा मूकपट सुदैवाने आजही उपलब्ध आहे. १९४२ मध्ये जंग-ए-आझादीच्या चित्रीकरणात सहनट भगवान यांची चपराक ठरल्यापेक्षा जोरात बसली, ललिताबाईंच्या चेहऱ्याला अर्धांगवायू झाला आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. उपचारांत वर्षे गेली आणि त्या परतल्या त्या चरित्र अभिनेत्री म्हणून. एका चुकलेल्या हाताने त्यांना दुसऱ्या फळीत आणले, आणि त्या फळीत त्यांनी पुढची कित्येक दशके अशी काढली की सासू म्हटले की लोकांना त्यांचाच डोळा आठवे. भगवान पालव, ज्यांना पुढे भगवानदादा म्हणू लागले, तेही कुस्तीच्या शौकातून आणि स्वस्त स्टंटपटांतून वर आलेले होते, आणि अलबेला (१९५१) च्या यशानंतर उतारवयात त्यांच्याही वाट्याला किरकोळ भूमिकाच आल्या. मारणारा आणि मार खाणारी, दोघेही अखेर एकाच रांगेत उभे राहिले.

इतर देशांनी या रांगेला नाव दिले आहे. जपानी तलवारपटांत किरारेयाकु हा स्वतंत्र वर्ग आहे; शब्दशः अर्थ, कापल्या जाण्याची भूमिका करणारा. क्योतोच्या तोएई स्टुडिओतल्या सेइझो फुकुमोतो (१९४३–२०२१) यांनी पडद्यावर पन्नास हजार वेळा मरण पत्करले, असे तिथे अभिमानाने सांगतात. २००३ च्या द लास्ट सामुराई या अमेरिकन चित्रपटात जवळजवळ काहीच न बोलणारा सामुराई त्यांनीच उभा केला. हाँगकाँगमध्ये १९४९ पासून निघालेल्या वाँग फेइ-हुंग या कुंग-फू गुरूवरच्या चित्रपटांत क्वान ताक-हिंग नायक आणि शिह किएन खलनायक ही जोडी इतकी पक्की बसली की नायकाचे शहाणपण खलनायकाच्या दुष्टपणावर मापले जाऊ लागले. याच शिह किएननी १९७३ मध्ये एंटर द ड्रॅगनमध्ये ब्रूस लीच्या समोर हानची भूमिका केली. किरारेयाकुसाठी मराठीत प्रतिशब्द नाही, आणि प्रस्तुत ग्रंथ तो घडवण्याचा हट्ट धरत नाही. वार झेलणारा, एवढे म्हटले तरी तालमीतल्या माणसाला अर्थ समजतो.

अलीकडच्या शिवकालीन चित्रपटांचा विचार या ग्रंथात थोडक्यात केलेला आहे. संगणकाने सैन्य वाढवता येते, उडी लांबवता येते, रक्त नंतर घालता येते; त्यामुळे वार झेलणाऱ्याचे बरेचसे काम चित्रीकरणानंतरच्या खोलीत गेले आहे. हे चांगले की वाईट याचा निकाल इतक्यात लावण्याची घाई नको. मात्र दऱ्याखोऱ्यांच्या बाबतीत जुने आणि नवे दोन्ही चित्रपट सारखेच बेफिकीर आहेत. जावळीच्या रानात, शिवथरसारख्या अरुंद खोऱ्यात, लांब पट्टा फिरवायला जागाच कुठे होती? तिथली लढाई आडोशाची, जवळून, चार-दोन माणसांची. पडद्याला मोकळे मैदान हवे असते म्हणून ती पठारावर नेली गेली, आणि पठारावर नेल्यामुळेच तिच्यात पहिली फळी आणि दुसरी फळी असा भेद ठळक झाला.

शेवटी साधनांविषयी. भारतात तयार झालेल्या तेराशेच्या आसपास मूकपटांपैकी अगदी मोजके उरले आहेत, आणि आलम आराची एकही प्रत उपलब्ध नाही. म्हणून विठ्ठल यांच्या नायकपदाबद्दलची प्रकरणे जाहिराती, स्थिरचित्रे आणि तत्कालीन वर्णने यांवर आधारलेली आहेत. त्यांत त्यांचे शरीर गोठलेले आहे, तलवार नेहमी अर्ध्यावर थांबलेली आहे. हलताना, वळताना, कुणाच्या तरी मागे चालताना ते पाहायचे असतील तर ज्या चित्रपटांत ते नायक नाहीत तेच लावावे लागतात, आणि लावल्यावर चौकटीच्या मध्यभागावरून नजर काढून ती कडेला न्यावी लागते.